गंगाधरपंतांचा पुरावा: फाटक्या एका पानावर किती विश्वास ठेवायचा?

संशोधन पद्धतीचं जाडजूड पुस्तक उघडण्याआधी एक विज्ञानकथा वाचा, असं पेटची तयारी करणाऱ्यांना मी नेहमी सांगते. कथा आहे डॉ. जयंत नारळीकरांची 'गंगाधरपंतांचे पानिपत'. तिची इंग्रजी आवृत्ती 'द अ‍ॅडव्हेंचर' एनसीईआरटीच्या अकरावीच्या पुस्तकात आहे, त्यामुळे तुमच्यातल्या काहींनी ती परीक्षेपुरती वाचलीही असेल. इथे मी तीच आवृत्ती धरून बोलतेय. यावेळी मात्र ती संशोधकाच्या नजरेने वाचा.

थोडक्यात कथानक असं. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे यांची ट्रकशी टक्कर होते आणि ते वेगळ्याच काळप्रवाहात पोचतात. आपल्या इतिहासात १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर विश्वासराव गोळी लागून पडले आणि मराठे हरले. त्या जगात मराठे जिंकलेत. पुण्याहून मुंबईला जिजामाता एक्सप्रेस धावते (नाव आपल्या सिंदखेडराजाच्या लेकीचं!) आणि मुंबईवर अजून ईस्ट इंडिया कंपनीचा अंमल आहे.

आता बघा, हा माणूस काय करतो. हे खरं की स्वप्न, यावर डोकं धरून बसत नाही. सरळ एशियाटिक सोसायटीचं ग्रंथालय गाठतो आणि स्वतःच लिहिलेले इतिहासाचे पाच खंड काढतो. चार खंड ओळखीचेच. पाचव्यात फाटा फुटतो, तोही नेमका पानिपतापाशी. याला म्हणतात लिटरेचर रिव्ह्यू! सगळं वाचून सारांश लिहिणं म्हणजे रिव्ह्यू नव्हे. माहिती कुठून पुढे जुळत नाही ती जागा शोधणं म्हणजे रिव्ह्यू. तुमचा 'रिसर्च गॅप' तिथेच सापडतो.

इथपर्यंत पंतांना पैकीच्या पैकी. पुढे मात्र माझ्या तीन हरकती आहेत.

पहिली, साधनाची. बखरीवर पुरावा म्हणून पंत सहसा विसंबत नाहीत. रंगवलेल्या वर्णनात सत्याचा कण सापडतो, एवढंच ते मानतात. तरी परत आल्यावर त्यांच्या हाती उरतं ते बखरीचंच एक फाटकं पान. त्यावर लिहिलंय की गोळी विश्वासरावांच्या कानाजवळून गेली. कथेतला सगळ्यात मोठा दावा असा सगळ्यात कच्च्या साधनावर उभा आहे.

दुसरी, जपणुकीची. ग्रंथालय बंद होताना बखर चुकून पंतांच्या खिशात जाते. पुढे आझाद मैदानावर व्याख्यान चालू असतं, अध्यक्षाची खुर्ची रिकामी दिसते आणि नऊशे नव्व्याण्णव सभांचं अध्यक्षपद भूषवलेल्या पंतांना राहवत नाही. ते जाऊन बसतात, लोक खवळतात आणि त्या गोंधळात बखर हरवते. खुर्चीपायी डेटा गेला! नारळीकरांनी हे गमतीने लिहिलंय, पण चिमटा खरा आहे.

तिसरी हरकत सगळ्यात महत्त्वाची. पंतांचा मित्र राजेंद्र देशपांडे आधी हा मनाचा खेळ समजतो आणि पान बघून मत बदलतो. हे योग्यच. पण तपासणी काय? आपल्या प्रतीतला मजकूर शेजारी ठेवून वाचला, बस्स. कागद कोणता, शाई कोणती, ठसा कोणत्या छापखान्याचा, तिसऱ्या माणसाने पाहिलं का? काहीच नाही. लगेच कॅटस्ट्रॉफी थिअरी आणि क्वांटम सिद्धांत हजर. फ्रेंच गणितज्ञ रेने थॉम यांची कॅटस्ट्रॉफी थिअरी, छोट्या बदलाने मोठी उडी कशी बसते, ते गणितात मांडते. माणूस दुसऱ्या जगात कसा जातो ते नाही. ह्यू एव्हरेट यांनी १९५७ मध्ये मांडलेल्या अनेक-विश्वांच्या कल्पनेतही एका फांदीवरून दुसरीवर जायची वाट नाही. राजेंद्र स्वतः 'हा माझा अंदाज' असं कबूल करतो, हा त्याचा प्रामाणिकपणा. पण वाचक तो अंदाज निष्कर्ष म्हणून घरी नेतो.

काळाचं खरं कोडं बघायचं तर आपल्या जिल्ह्यातच लोणारला चला. उल्का आदळून बेसाल्ट खडकात झालेल्या या विवराचं वय थर्मोल्युमिनेसन्स पद्धतीने सुमारे ५२ हजार वर्षं आलं होतं. नंतर आर्गॉन-आर्गॉन पद्धतीने ते साडेपाच लाखांच्या पुढे गेलं. दहापट फरक! पण इथे कुणी समांतर विश्व काढलं नाही. वितळून पुन्हा थिजलेला खडक तिथेच आहे. ज्याला शंका असेल त्याने नमुना घ्यावा आणि पुन्हा मोजावा. पंतांच्या पानाबाबत ती सोय नाही.

म्हणून कथा वाईट ठरते का? अजिबात नाही. पुराव्याशिवाय मित्राचाही शब्द मान्य नाही, हे तिने शाळकरी वाचकाला शिकवलं. पुराव्याची उलटतपासणी तिने आपल्यावर सोडलीय. सिनॉप्सिस लिहायच्या आधी हे करून बघा: पंतांचं पान तुमच्या टेबलावर आलंय असं धरा आणि ते खोटं ठरवू शकतील अशा चार चाचण्या लिहा. मग त्याच चार ओळी स्वतःच्या हायपोथेसिसखाली लिहा. तिथे पेन अडलं, तर विषय अजून कच्चा आहे.