इंग्रजी वाचनातला आनंद कोणाचा?

दलित विचारविश्वात इंग्रजीचा गौरव पुष्कळ झाला आहे. सावित्रीबाईंनी १८५४ च्या 'काव्यफुले'त तो केला. जोतीरावांनी १८७३ साली 'गुलामगिरी'ला इंग्रजी प्रस्तावना जोडली. सुभेदार रामजींनी आपल्या मुलाकडून हॉवर्डची पुस्तके आणि तर्खडकरांचे भाषांतरपाठ घोटून घेतले. इंग्रजी हे शस्त्र आहे, हे आपण व्यासपीठावरून सांगतच असतो. पण इंग्रजी पुस्तक आवडीने, झोप विसरून वाचावे, असे आपल्या मुलांना आपण क्वचितच सांगतो. उपयोग आपला आणि आनंद मात्र ज्यांच्या घरी तीन पिढ्यांची पुस्तकांची कपाटे आहेत त्यांचा, अशी ही वाटणी आहे. ती मला मान्य नाही.

मी रत्नागिरीत इंग्रजी शिकवतो. आमच्या घरातला मी पहिला पदवीधर. महाराष्ट्रात पहिलीपासून इंग्रजी २००० साली आले. आमच्या पिढीची एबीसीडीशी गाठ पाचवीत पडली. आज वाडीवरून एस.टी.ने येणारी मुले गाईड पाठ करतात, पुस्तक उघडत नाहीत. उघडलेच तर शब्दागणिक कोश चाळतात आणि पान संपायच्या आत थकतात. त्यांना आळशी म्हणणे प्राध्यापकांना सोयीचे असते. पण आपण त्यांच्या हाती काय देतो? भाषा परकी आणि तिच्या आतले घर, जेवण, हवापाणी, तेही परके. एकाच वेळी दोन आघाड्यांवर कोण लढेल?

म्हणून बाबासाहेबांचे 'वेटिंग फॉर अ व्हिसा' पहिल्यांदा वाचावे, असे माझे मत आहे. पीपल्स एज्युकेशन सोसायटीने १९९० मध्ये ते पुस्तिकेच्या रूपाने काढले. आरंभीच रत्नागिरी जिल्ह्यातले दापोली भेटते. मग १९०१ सालचा प्रवास येतो. नवे कपडे, जरीच्या टोप्या घातलेली मुले मसूर स्टेशनावर उतरतात. स्टेशनमास्तर त्यांना ब्राह्मणांची समजतो; जात कळताच त्याचा चेहरा पालटतो. दुप्पट भाडे कबूल केल्यावर बैलगाडी मिळते, तीही मुलांनीच हाकायची. डब्यात जेवण आहे, पण पाणी नाही.

हे लिखाण परकीयांसाठी आहे. इंग्रजी जाणणाऱ्या पण अस्पृश्यता न जाणणाऱ्या वाचकाला लेखक एकेक गोष्ट उलगडून सांगतो. आपला विद्यार्थी नेमका उलटा आहे. अस्पृश्यता त्याला घरातून माहीत आहे, भाषा तेवढी शिकायची आहे. अर्धे पुस्तक त्याच्याजवळ आधीच असते. अडलेला शब्द प्रसंगच सांगून टाकतो. वाक्येही सरळ आहेत. लेखक कुठे गळा काढत नाही. कपड्यांचे, भाड्याचे, पाण्याचे तपशील देत जातो, आणि त्या कोरडेपणात दडलेला उपहास मुलांना ध्यानात आला की वर्गात हसू फुटते.

एका कार्यकर्त्या मित्राने मला विचारले, "सर, वेदनेच्या कहाणीत कसला आनंद?" प्रश्न रास्त आहे. वेदना आनंददायक नसतेच. पण परक्या भाषेतल्या वाक्याचा खोच मधे कोणी दुभाष्या नसताना आपल्याला कळला, हा आनंद खराच असतो. रिचर्ड राइटने 'ब्लॅक बॉय'मध्ये (१९४५) असाच आनंद सांगितला आहे. मेम्फिसच्या ग्रंथालयातून काळ्या माणसाला पुस्तक मिळत नव्हते. एका गोऱ्या सहकाऱ्याचे कार्ड आणि स्वतः खोटी लिहिलेली चिठ्ठी घेऊन तो मेंकेनची पुस्तके आणतो. नोकरीसाठी त्याला त्यांची काडीचीही गरज नव्हती!

इथे एक धोकाही आहे. आपल्या मुलांनी आपल्याच दुःखाची पुस्तके वाचावीत, असा दंडक आपण घालू लागलो तर ती नवी वेस होईल. डिकन्स, हेरकथा, वाटले तर क्रिकेटवरचे पुस्तकही त्यांनी वाचावे, आणि त्याचा चळवळीला काय उपयोग असे कोणी विचारू नये. सुरुवातीला पातळ पुस्तक घ्यावे, रोज चार-पाच पाने वाचावीत, अडलेल्या शब्दाखाली पेन्सिलीची रेघ मारून पुढे जावे. कोश दुसऱ्या वाचनाला उघडावा.