घरमालक मर्ट्झ

दुय्यम नटावर लिहिण्याची टीकाकारांस फारशी संवय नाहीं. नायकाचें गुणगान संपल्यावर ‘इतर पात्रांचीं कामेंही ठीक झालीं’ एवढें वाक्य टाकलें कीं त्याचें ऋण फिटतें. अमेरिकेंत दूरचित्रवाणीच्या बाल्यावस्थेंत गाजलेल्या ‘आय लव्ह ल्यूसी’ या मालिकेसंबंधींही बव्हंशीं तेंच झालें. ल्यूसील बॉल ही असामान्य विनोदी नटी होती, याबद्दल आमचा वाद नाहीं. आम्हांस बोलावयाचें आहे तें ल्यूसीच्या घरमालकांविषयीं; म्हणजे एथेल व फ्रेड मर्ट्झ हीं पात्रें उभीं करणाऱ्या व्हिव्हियन व्हान्स व विल्यम फ्रॉली यांजविषयीं.

1951 च्या ऑक्टोबरांत सुरू झालेली ही मालिका 1957 पर्यंत चालली. तिचें चित्रण तुकड्यातुकड्यांनीं न होतां, समोर प्रेक्षक बसवून, तीन कॅमेऱ्यांनीं एकदम होई. कांहीं दिवसांची तालीम, मग नाटकाप्रमाणें एका बैठकींत सारें उभें करावयाचें, आणि तें उरकतें न उरकतें तोंच नवी संहिता हातांत! रंगभूमीवर मुरलेल्या माणसांसच हें झेपावें. व्हान्सबाई नाटकांतून आल्या होत्या. फ्रॉली तर व्हॉदेव्हिलच्या जुन्या तालमींतला.

1952 मधील चॉकोलेटच्या कारखान्याचा प्रवेश प्रसिद्धच आहे. सरकत्या पट्ट्यावरून येणारीं चॉकोलेटें कागदांत गुंडाळावयाचीं. पट्टा वेग घेतो, आणि दोघी तीं तोंडांत नि टोपींत कोंबूं लागतात. लोक ल्यूसीकडे पाहतात. वाचकांनीं एकदां एथेलकडे पाहावें. ल्यूसी एकटी असती तर ही एका वेंधळ्या बाईची फजिती ठरली असती. शेजारची सावध, व्यवहारी एथेलही तितकीच भांबावते, तेव्हां दोष बाईचा नसून पट्ट्याचा आहे हें पटतें, आणि हंसण्याला धार येते. ही धार व्हान्सबाईंची.

फ्रॉलीची तऱ्हा निराळी. चेहऱ्यावरची रेषही न हलवितां एक तिरकस वाक्य टाकावयाचें, कीं काम झालें. पहिल्या वर्षींचा फ्रेड व अखेरचा फ्रेड यांत आम्हांस फरक दिसत नाहीं.

पडद्याबाहेर दोघांचें मुळींच जमत नसे. फ्रॉलीचा जन्म 1887 चा, बाईंचा 1909 चा. बापाच्या वयाच्या माणसाची बायको म्हणून आपणांस उभें केलें, ही त्यांची तक्रार फ्रॉलीच्या कानीं गेली, व तो ती कधीं विसरला नाहीं. (प्रेक्षक ज्या कुरबुरीस हंसत, तींतला बराच भाग अस्सल असावा!) 1954 मध्यें दुय्यम अभिनेत्रीचें एमी पारितोषिक बाईंस मिळालें, फ्रॉलीचें नांव पांच वेळां पुढें आलें, पारितोषिक एकदांही नाहीं. मर्ट्झ दांपत्यावर स्वतंत्र मालिका काढण्याचें घाटत होतें, तेव्हां फ्रॉली तयार होता. बाईंनीं साफ नकार दिला.

1962 मध्यें ल्यूसीची नवी मालिका निघाली. तींत येण्यासाठीं बाईंनीं अट घातली कीं पात्राचें नांव व्हिव्हियनच असावें. रस्त्यांत लोक एथेल म्हणून हांका मारीत, त्यास त्या विटल्या होत्या. अट मान्य झाली. काम मात्र पूर्वींचेंच वाट्यास आलें: ल्यूसीच्या नव्या बेतास आधीं नाहीं म्हणावयाचें, आणि मग तिच्या मागोमाग जावयाचें.