लवणराजाचे स्वप्न आणि म्हातारीचे रडणे

दिवाळी अंकात योगवासिष्ठाचे नाव दिसताच काही वाचक हातातली चकली न मोडता पान उलटतील, याची मला कल्पना आहे. परंतु वाचकहो, जरा थांबा. या जाडजूड ग्रंथात एक गोष्ट अशी आहे की ती आजीने अंगणात बसून सांगावी. दोन ठिकाणच्या माणसांना एकच स्वप्न पडू शकते काय, या प्रश्नाला इतक्या धिटाईने हात घालणारी दुसरी कथा मी वाचलेली नाही.

उत्पत्तिप्रकरणात वसिष्ठ ती रामाला सांगतात. लवण नावाचा राजा, हरिश्चंद्राच्या कुळातला. दरबारात एक जादूगार येतो, मोरपिसांचा कुंचा फिरवतो. समोर घोडा उभा राहतो, आणि त्याच्याकडे पाहता पाहता राजा दोन मुहूर्त, म्हणजे आपल्या घड्याळाने ९६ मिनिटे, पुतळ्यासारखा बसून राहतो. भानावर येतो तो थरथर कापतच. तेवढ्यात त्याचे एक अख्खे आयुष्य होऊन गेलेले असते. घोड्याने त्याला रानात नेले. भुकेने जीव कासावीस झाला तेव्हा एका चांडाळकन्येने लग्नाच्या अटीवर घास दिला. तिच्या वस्तीवर संसार झाला, मुले झाली. मग दुष्काळ पडला. धाकटे पोर खायला मागू लागले, तेव्हा आपले मांस तरी त्याच्या पोटात जावे म्हणून बापाने अग्नीत उडी घेतली, आणि राजा सिंहासनावर जागा झाला!

इथवरची गोष्ट कोणीही रचील. पण लवण दुसऱ्या दिवशी विंध्याकडे निघतो, आणि वस्ती खरोखर सापडते. तेच रान, तीच होरपळलेली भुई, आणि लेक, जावई, नातवंडे गेली म्हणून आक्रोश करणारी एक म्हातारी. ती त्याची सासू. राजा तिची विचारपूस करतो, तिचे सांत्वन करतो, राजधानीला परततो आणि वसिष्ठांना विचारतो, "स्वप्न खरे कसे झाले?"

वसिष्ठांचे उत्तर असे: राजाचा भास त्या वस्तीच्या मनात उमटला, किंवा वस्तीचा अनुभव राजाच्या मनात. मने निराळी दिसली तरी चैतन्याचे आकाश एकच आहे. पुष्कळांना एकच स्वप्न पडते, ते काकतालीय न्यायाने. आपल्या भाषेत, कावळा बसायला आणि फांदी मोडायला एकच गाठ.

इथे मला ग्रंथकार अडखळलेला दिसतो. चैतन्य एकच असेल तर कावळ्याची गरज काय? आणि सारा योगायोगच असेल, तर एका चैतन्याचा एवढा खटाटोप कशाला? दोन्ही उत्तरे एका दमात देता येत नाहीत. पण याहून मोठी अडचण मला माझ्या वर्गात कळली.

आमची शाळा सातपुड्याच्या पायथ्याशी. डोंगरापलीकडे नर्मदा, तिच्या पलीकडे लवणाचा विंध्य. सरदार सरोवराची कोनशिला १९६१ साली बसली आणि लोकार्पण २०१७ साली झाले. त्याच्या बुडितात महाराष्ट्रातली जी ३३ गावे आली ती आमच्याच अक्कलकुवा आणि अक्राणी तालुक्यांतली. त्या गावांतून उठलेल्या घरांची मुले माझ्यासमोर बसतात. मी रंगून गोष्ट सांगितली. एक मुलगी म्हणाली, "गुरुजी, राजा तर जागा झाला. मग म्हातारीला कोणी जागं केलं?"

मला उत्तर देता आले नाही. वसिष्ठांनाही देता आले नसते, असे मला नम्रपणे वाटते. भास आधी राजाच्या मनात की वस्तीच्या, हे त्यांच्या लेखी सारखेच. पण राजाचे ज्या ठिकाणी स्वप्न होते त्या ठिकाणी म्हातारीचे घर होते. सामायिक स्वप्नातून एक जण राजवाड्यात उठतो आणि दुसरी राखेत बसून राहते, तर ते सामायिक कसले?

कोणी म्हणेल, हा मोक्षाचा ग्रंथ आहे, त्याला व्यवहार का विचारता? पण विरक्त झालेल्या रामाला पुन्हा कर्तव्याकडे वळवणे हाच तर वसिष्ठांचा हेतू. मग कर्तव्याचा प्रश्न इथेच विचारायला हवा होता.

तो आपल्या लोककथेने विचारला आहे. मार्कंडेय पुराणातला हरिश्चंद्र विश्वामित्राला राज्य देतो ते जागेपणी. घरोघरी सांगितल्या जाणाऱ्या कथेने ते दान स्वप्नात नेले, आणि सकाळी ऋषीला दारात उभे केले. इथेही स्वप्न दोघांचे! पण हरिश्चंद्र "हे झालेच कसे?" असे विचारत बसत नाही. शब्द स्वप्नातला असला तरी आपला आहे, एवढे ओळखतो आणि सिंहासनावरून उतरतो. त्याच्याच कुळातल्या लवणाला हे सुचू नये, याचे मला वाईट वाटते.

तथापि ग्रंथकाराचे एक ऋण मी मानतो. सिद्धांतापुरते पाहिले तर रिकामी वस्ती दाखवूनही भागले असते. त्याने तिथे म्हातारी बसवली आणि तिला पोटभर रडू दिले. कादंबरी लिहिताना मला हे फार उपयोगी पडते. सिद्धांताला नको असलेले माणूस कथेत आले, की मी आता त्याला बाहेर काढत नाही.

तेव्हा यंदा फराळ आटोपल्यावर मुलांना लवणाची गोष्ट जरूर सांगा. जादूगार, घोडा, मोरपिसे, सगळे त्यांना आवडेल. फक्त राजा घाईने परत निघेल, तेव्हा तुम्ही थोडा वेळ म्हातारीपाशी थांबा. मुले प्रश्न विचारतील.