वारसा कोणाचा?

विल्यम गोल्डिंग यांचे नाव निघाले की ‘लॉर्ड ऑफ द फ्लाइज’ आठवते. तिच्या पाठोपाठ १९५५ साली आलेली त्यांची ‘द इनहेरिटर्स’ ही कादंबरी मात्र फारशी वाचली जात नाही. निअँडरथल मानवाच्या एका छोट्या टोळीचा नाश हा तिचा विषय. आमच्या मते ती अधिक खोल आहे.

तिचे मोल कळण्यासाठी थोडा इतिहास पाहावा लागतो. १९०८ साली फ्रान्समधील ला शापेल-ओ-सें येथील गुहेत बुइसोनी बंधूंना एका निअँडरथल वृद्धाचा सांगाडा सापडला. या बंधूंपैकी दोघे कॅथलिक धर्मगुरू होते. पॅरिसचे शास्त्रज्ञ मार्सेलॅं बूल यांनी मात्र त्यावरून वाकलेला, पशुवत जीव उभा केला. चित्रकार कुप्का यांनी १९०९ साली तो केसाळ वानरासारखा रंगवला. त्या वृद्धाला संधिवात जडलेला होता, हे १९५७ साली दोन संशोधकांनी दाखवून दिले. एका आजाऱ्याच्या व्यथेवरून अवघ्या मानववंशाची निंदा झाली होती!

गोल्डिंग यांनी या निंदेला उत्तर दिले ते लॉकच्या डोळ्यांनी जग दाखवून. शत्रूचा बाण शेजारच्या झाडात रुततो, तरी लॉकला तो बाण आहे हे उमगत नाही. वैरभावच त्याला ठाऊक नाही. वाचकाला मात्र सारे कळत असते, आणि मारणारे आपले पूर्वज आहेत, हेही. अखेरीस लेखक दृष्टी पालटतो. ज्याच्या मनात आपण इतका वेळ राहिलो, तो लॉक एकाएकी परका, तांबूस प्राणी दिसू लागतो. हा क्षण जिव्हारी लागतो.

एक दोष मात्र सांगितलाच पाहिजे. ही माणसे शिकार करीत नाहीत, असे गोल्डिंग दाखवतात. प्रत्यक्षात निअँडरथल मानव कुशल शिकारी होते. त्यांना निष्पाप ठरवण्यासाठी दुबळे करण्याची गरज नव्हती. पशू म्हणून हिणवणे आणि देवदूत म्हणून गौरवणे, दोन्हींत माणूस हरवतोच.

तरीही शेवट अपूर्व आहे. पळवून आणलेले निअँडरथल बाळ नव्या मानवांच्या नावेत एका स्त्रीच्या कुशीत असते. हत्यारासाठी हस्तिदंत घासणाऱ्या तुआमीला त्या दोघांचे रूप मुठीवर कोरावेसे वाटते. २०१० साली स्वांते पेबो व सहकाऱ्यांनी निअँडरथल जनुकांचा आराखडा प्रसिद्ध केला, तेव्हा आफ्रिकेबाहेरील माणसांत, म्हणजे तुमच्याआमच्यातही, त्यांचा थोडा अंश उरल्याचे दिसले. गोल्डिंग यांच्या नावेतले बाळ जणू आपल्यापर्यंत पोहोचले आहे.

नम्र जनांना पृथ्वीचा वारसा मिळेल, असे प्रभूने डोंगरावर सांगितले. कादंबरीत तो वारसा मारणाऱ्यांना मिळतो. पण मारलेल्याचे रक्त त्यांच्याच वंशजांत वाहत असेल, तर परका म्हणून आपण कोणाला दूर लोटणार? वाचकांनी ही कादंबरी अवश्य वाचावी आणि हा प्रश्न स्वतःला विचारावा.