मैनाकाचे पंख आणि माझी पहिली स्लाइड

एम.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षी मी प्लेट टेक्टॉनिक्सवर सेमिनार दिला होता. त्याची पहिली स्लाइड मैनाक पर्वताची होती. उडणारा डोंगर, आणि खाली ठळक अक्षरात: ‘भूखंड सरकतात हे आपल्या पूर्वजांना ठाऊकच होतं.’ टाळ्या पडल्या. मग मागच्या बाकावरून एका सरांनी विचारलं, “हे चूक असतं, तर तुला कशावरून कळलं असतं?” माझ्याकडे उत्तर नव्हतं. तुमच्यापैकी काहीजण संशोधन प्रस्तावाचे मसुदे वाचायला पाठवता, त्यात हेच वाक्य मला अधूनमधून भेटतं. म्हणून आज जरा सविस्तर.

आधी मूळ गोष्ट वाचू, कारण ती फॉरवर्ड करणारे बहुतेक जण ती वाचत नाहीत. मैत्रायणी संहितेत ती अशी आहे: पर्वत ही प्रजापतीची सगळ्यात थोरली लेकरं. त्यांना पंख होते. ते उडायचे आणि वाटेल तिथे जाऊन बसायचे. पृथ्वी तेव्हा सैल होती. इंद्राने पंख छाटले, पर्वतांच्या भाराने पृथ्वी घट्ट केली, आणि छाटलेल्या पंखांचे ढग झाले. म्हणून ढग आजही डोंगराकडे धाव घेतात, ते त्यांचं मूळ घर आहे. वाल्मीकींच्या सुंदरकांडात याच कुळातला मैनाक येतो. वायूने त्याला समुद्रात टाकून वाचवलेलं असतं. त्या वायूचा मुलगा लंकेकडे निघालेला दिसला, तसा तो त्याला विसावा द्यायला पाण्यातून वर येतो.

गोष्ट म्हणून ही मला फार आवडते. मी हे तेरखेड्यात बसून लिहितोय. बालाघाटाच्या रांगेवर जूनमध्ये ढग टेकतात आणि कित्येकदा न बरसता पुढे जातात. पर्जन्यछायेतल्या माणसाला या गोष्टीतली ओढ वेगळी सांगावी लागत नाही. तिचा खरा विषय ढग आणि डोंगर यांचं नातं आहे, आणि पायाखालची जमीन स्थिर का वाटते हा आहे. भूखंडांशी तिचं काही देणंघेणं नाही. तिला भूशास्त्राची चिठ्ठी चिकटवली की आपण तिचा सगळ्यात सुंदर भाग, म्हणजे पंखांचे ढग होणं, चक्क वगळतो. माझ्या स्लाइडवर ढग नव्हतेच.

आता विज्ञानाच्या बाजूने बघा. गोष्टीत डोंगर उडतो आणि जमीन मागे राहते. प्लेटच्या सिद्धांतात जमीनच सरकते, डोंगर तिच्यावर बसून जातो. गोष्टीत हालचाल एकदाची थांबते. भारतीय प्लेट मात्र आजही वर्षाला सुमारे ५ सेंटिमीटर सरकते आहे. म्हणजे जुळतं काय, तर ‘डोंगर हलतो’ एवढंच. एवढ्या साम्यावर काहीही सिद्ध करता येतं!

साम्याला कमी लेखू नका, सुरुवात तिथूनच होते. आल्फ्रेड वेगेनरने १९१२ मध्ये खंडांच्या सरकण्याची कल्पना मांडली, तेव्हा आफ्रिका आणि दक्षिण अमेरिकेचे किनारे एकमेकांत बसतात हेही साम्यच होतं. पण तो तिथे थांबला नाही. ग्लोसोप्टेरिस या वनस्पतीचे जीवाश्म (आपल्याकडे नागपूरजवळच्या कामठीच्या खडकांतही ते आहेत) दक्षिणेकडच्या दूरदूरच्या खंडांवर सापडतात, हे त्याने पुढे ठेवलं. तरीही खंड कशाच्या जोरावर सरकतात हे त्याला सांगता येईना, म्हणून बहुतेकांनी त्याला नाकारलं.

पुढचा पुरावा आपल्या काळ्या दगडातून आला. तेरखेड्यात विहीर खणताना जो खडक लागतो तोच, दख्खनचा बेसाल्ट, सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा. लाव्हा थंड होताना त्यातले लोहखनिजांचे कण त्या वेळच्या पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राची दिशा धरून ठेवतात. विषुववृत्तावर ही दिशा आडवी असते, ध्रुवांकडे जावं तशी तिरकी होत जाते. म्हणजे दगडातला कोन मोजला की तो कोणत्या अक्षांशावर गोठला ते काढता येतं. लंडनच्या इंपीरियल कॉलेजमधल्या क्लेग, डॉइच आणि ग्रिफिथ्स यांनी दख्खनच्या खडकांवरचं काम १९५६ मध्ये छापलं. कोन आजच्या जागेशी जुळत नव्हते. खडक विषुववृत्ताच्या दक्षिणेला तयार झाला होता.

इथे थांबा आणि सरांचा प्रश्न पुन्हा विचारा. कोन आजच्या अक्षांशाशी जुळले असते, तर? तर दख्खन सरकल्याचा दावा तिथेच अडकला असता. मैनाकाच्या गोष्टीला असं अडकवणारं मोजमाप कोणतं? मला अजून सापडलेलं नाही.

हा नुसता वादाचा मुद्दा असता तर मी इतकं लिहिलं नसतं. ‘इंद्राने जमीन घट्ट केली’ याचीच शास्त्रीय आवृत्ती आपल्याकडे बराच काळ चालली: द्वीपकल्प म्हणजे स्थिर ढाल, इथे काही होत नाही. १९६७ मध्ये कोयनेला भूकंप झाला, तरी किल्लारीचा भाग नकाशावर सगळ्यात कमी धोक्याच्या पट्ट्यातच राहिला. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे, विसर्जनाच्या रात्रीनंतर, दगडमातीची जड घरं झोपलेल्या माणसांवर कोसळली. आमच्या जिल्ह्यातलं सास्तूरही त्यात गेलं. हजारो माणसं मेली. माझा जन्म नंतरचा, पण घरात अजून कुणी जमिनीतून आवाज आला म्हटलं की बोलणं थांबतं. आमचं गाव फटाक्यांचं, आवाजाची सवय असलेलं. तरीही आधी सगळे अंगणात येतात, आणि कशाचा होता ते मग ठरवतात. २००२ मध्ये नकाशा सुधारला, तो सगळ्यात खालचा पट्टाच काढून टाकला.

तेव्हा मसुदा पाठवण्याआधी एक करा. प्रस्तावनेतल्या प्रत्येक मोठ्या वाक्यासमोर समासात पेन्सिलने लिहा: कोणतं निरीक्षण आलं तर मी हे मागे घेईन? समास कोरा राहिला तर वाक्य काढा. मैनाकावरच काम करायचं असेल तर जरूर करा, पण मग संहितेतली गोष्ट आणि रामायणातली गोष्ट यांत काय बदललं, ढग कुठे गळून पडले, हे विचारा. तो खरा प्रश्न आहे, आणि त्याला ग्रंथालय लागतं, मॅग्नेटोमीटर नाही.