नाताळ आणि चार बहिणी : ‘लिटल विमेन’मधील पुनर्भेटीचा विचार

वेगवेगळ्या वाटांनी गेलेल्या बहिणी नाताळाच्या सुट्टीत पुन्हा भेटतात आणि सगळे रुसवे मिटतात, असे कथानक तुम्ही अनेक चित्रपटांत पाहिले असेल. लुईझा मे अल्कॉट यांची ‘लिटल विमेन’ (भाग पहिला 1868, दुसरा 1869) इतकी सोपी वाट धरत नाही. मराठीत ती शांता शेळके यांच्या ‘चौघीजणी’मुळे परिचित आहे.

1. नाताळ हा बेंचमार्क

सर्वेक्षणात एक पक्का बिंदू धरून बाकीच्या जागांची उंची मोजतात. या कादंबरीत नाताळ तेच काम करतो. पहिल्या नाताळात वडील युद्धावर आहेत, भेटवस्तूंची चैन नाही. तरीही मेग, जो, बेथ आणि एमी आपली न्याहारी गरीब हमेल कुटुंबाला देतात. दुसऱ्या नाताळात बेथ तापातून सावरते आहे आणि वडील घरी येतात. दोन्ही वेळी चौघी एका छताखाली आहेत.

दुसऱ्या भागात मात्र मेगचा संसार थाटलेला आहे. जो न्यूयॉर्कला गेल्यावर घरून आलेले नाताळाचे गाठोडे तिला मिळते. पुढे एका नाताळाच्या दिवशी एमी फ्रान्समधील नीस शहरात लॉरीला भेटते. सण तोच असतो, बहिणींमधले अंतर मात्र वाढलेले असते. लेखिका हे अंतर बोलून दाखवत नाही. तुलना करून ते आपणच मोजायचे.

2. खरा हिशोब जो आणि एमीचा

या दोघींमध्ये बरेच काही साचले आहे. लहानपणी एमीने जोचे हस्तलिखित जाळले. युरोपचा प्रवास जोला हवा होता, तो मिळाला एमीला. जोने नाकारलेल्या लॉरीशी एमीने लग्न केले. मधल्या काळात बेथ गेली. एमी तेव्हा परदेशात होती.

अशा दोन बहिणी समोरासमोर येतात तेव्हा काय बोलतील? माझ्या मते कादंबरीची उणीव इथे आहे. लग्नाचा खुलासा जोपुढे लॉरी करतो. दोघी बहिणींचा त्यावरचा मोकळा संवाद आपल्याला मिळत नाही. ग्रेटा गर्विग यांच्या 2019च्या चित्रपटाने ही जागा हेरली. तिथे जो एमीला थोडक्यात सांगते की, बहिणीवर रागवायला आयुष्य पुरत नाही. बेथच्या मृत्यूनंतर आलेले हे वाक्य गोडवा म्हणून नव्हे, तर किंमत मोजून आलेले शहाणपण म्हणून पटते.

3. शेवट नाताळात नाही

अखेरचे एकत्र येणे ऑक्टोबरमधील सफरचंदांच्या तोडणीला, आईच्या साठाव्या वाढदिवशी होते. बहिणी आता तीनच आहेत, आणि एमीच्या नाजूक मुलीचे नाव बेथ आहे. पहिल्या नाताळाची पुनरावृत्ती न करणे ही अल्कॉट यांची प्रामाणिक निवड वाटते. सण परत येतो, पण त्या सणातली माणसे तशीच परत येत नाहीत.

तुमच्यापैकी अनेकांची भावंडे आज वेगवेगळ्या शहरांत असतील. दिवाळी, ईद, ओणम किंवा नाताळ, जो सण तुम्हाला एकत्र आणतो, त्यात न बोललेले काय राहून जाते, याचा विचार करून ही कादंबरी वाचा.

विचारासाठी प्रश्न

1. जो–एमी संवाद टाळल्याने कादंबरीचे नुकसान होते का? तुमचे मत कारणांसह लिहा.
2. पहिल्या नाताळाची आणि सफरचंदांच्या तोडणीच्या दिवसाची तुलना करा.