बिघडलेला माग आणि ‘बिघडणे’ हे क्रियापद

मार्व्हल स्टुडिओजच्या ‘लोकी’ या मालिकेचे दुसरे पर्व ५ ऑक्टोबर ते ९ नोव्हेंबर २०२३ या अवधीत सहा भागांत प्रसारित झाले. त्यातील सारे कथानक एका यंत्राभोवती फिरते. हे यंत्र म्हणजे कालाचा माग. पहिल्या पर्वाच्या अखेरीस (२०२१) सिल्वीने कालरेषेच्या अधिपतीचा वध केल्यानंतर एकाच ‘पवित्र’ कालरेषेला असंख्य फाटे फुटतात. इतके धागे मागास पेलत नाहीत, तो डळमळू लागतो, आणि तो कोसळला तर सर्वनाश ओढवेल असे त्याची देखभाल करणारा ओबी सांगतो.

या प्रतिमेचे परीक्षण शब्दांपासूनच सुरू करावयास हवे. मालिकेतील पात्रे या यंत्राला माग म्हणतात. परंतु त्याविषयी बोलताना त्यांच्या तोंडी विणकराचा एकही शब्द येत नाही. कच्च्या कालाचे ‘शुद्धीकरण’, ‘क्षमता’, ‘अतिभार’, ‘प्रारण’, स्फोटरोधक दारे, जाडजूड संरक्षक पोशाख ही सारी परिभाषा वीजकेंद्राची, किंबहुना अणुभट्टीची आहे. ताणा, बाणा, धोटा, फणी यांचा मागमूसही नाही. एखाद्या विणकराने हे भाग पाहिले, तर तो प्रथम धोटा कोठे आहे असेच विचारील. याहून मूलभूत आक्षेप असा, की येथे विणकाम होतच नाही. विणण्यासाठी परस्परांना छेदणारे दोन दिशांचे धागे लागतात. या यंत्रात मात्र सगळे धागे एकाच दिशेने शिरतात आणि एकत्र होऊन एकच सूत्र बाहेर पडते. यास विणणे म्हणत नाहीत. हे वळणे आहे. दोर वळणाऱ्याच्या दृष्टीने मुख्य धोका अतिभाराचा, तर विणकराच्या दृष्टीने तो ताण सुटण्याचा. मालिकेने नाव एकाचे घेतले आणि भीती दुसऱ्याची रंगविली.

महाभारताच्या आदिपर्वातील उत्तंकाची कथा येथे आठवल्यावाचून राहत नाही. नागलोकात त्याला मागावर वस्त्र विणणाऱ्या दोन स्त्रिया दिसतात. धागे काळे आणि पांढरे. शेजारी बारा आऱ्यांचे चक्र सहा कुमार फिरवीत असतात. पुढे उलगडा होतो, की त्या स्त्रिया धाता व विधाता, धागे म्हणजे रात्री आणि दिवस, चक्र म्हणजे संवत्सर आणि कुमार म्हणजे ऋतू. त्या मागावर काळा धागा हा दोष नाही. त्यावाचून वस्त्रच होणार नाही. ‘ओतप्रोत’ हा शब्द मराठीत आज केवळ ‘भरलेला’ या अर्थाने उरला असला, तरी ‘विणणे’ या अर्थाच्या ‘वे’ धातूपासून तो आला आहे, आणि त्यात उभे-आडवे असे द्वैत गृहीतच आहे. ‘लोकी’तील मागाला हे द्वैतच नको आहे. दुसरा धागा दिसताच तो थरथरू लागतो.

एवढ्यावरून ही प्रतिमा फसली असे म्हणून थांबता आले असते. चौथ्या भागात व्हिक्टर टाइमली मागाकडे जाणाऱ्या पुलावर पाऊल टाकताच त्याच्या देहाचे तंतू तंतू होतात. हा प्रसंग परिणामकारक असला, तरी प्रतिमेच्या अर्थात त्याने भर पडत नाही. खरी कलाटणी सहाव्या भागात आहे. लोकी शतकानुशतके यंत्रशास्त्र शिकतो, पुनःपुन्हा काळात मागे जातो आणि अखेर दुरुस्ती यशस्वी करतो. तरीही माग कोसळतो, कारण अनंत वाढणाऱ्या फाट्यांना पुरेल अशी क्षमता असूच शकत नाही. मग अधिपती त्याला सांगतो, की अतिभार होताच नको असलेले फाटे नष्ट करून एकच कालरेषा शिल्लक ठेवणे हेच मागाचे काम आहे.

येथे व्याकरणाचा विचार उपयोगी पडतो. पाच भाग सर्व पात्रे ‘माग बिघडतो आहे’ अशा अकर्मक रचनेत विचार करतात. अशा वाक्यात कर्ता दोषी नसतो आणि कर्म तर नसतेच. म्हणून सहानुभूती यंत्राकडे वळते व सारे शहाणे लोक ते वाचविण्यासाठी धावतात. अधिपतीच्या कबुलीने वाक्य सकर्मक होते : माग जगे छाटतो. ज्या असंख्य जगांचा प्रश्न होता, ती प्रथमच कर्माच्या जागी येतात. बिघाड म्हणून जे पाहिले, ती तरतूद होती. प्रतिमेतील विसंगतीही त्यामुळे निराळी दिसू लागते. जे यंत्र मुळात विणीतच नव्हते, त्याला माग हे नाव देणे हीच अधिपतीची चलाखी होती, असा अर्थ पटकथेतून निघू शकतो. पटकथाकारांच्या मनात तो होता असा दावा करण्याचे कारण नाही; पण त्या अर्थाला बाधक असे मालिकेत काही नाही.

लोकी माग फोडतो, सुटलेले धागे हातांत घेतो आणि त्यांना वृक्षाचा आकार देऊन त्याच्या मध्यभागी एकटा बसतो. हा वृक्ष नॉर्स पुराणातील इग्द्रसिल हे उघड आहे. सूताशी लोकीचा जुना संबंध मात्र सहसा लक्षात घेतला जात नाही. तेराव्या शतकातील स्नोरीच्या एड्डात लपून बसलेला लोकी तागाच्या सुताचे जाळे करतो, देव येताना पाहून ते आगीत टाकतो. राखेत उमटलेल्या आकृतीवरून देव तसेच जाळे विणतात आणि त्याच्याच साहाय्याने त्याला पकडतात. मालिकेतील सिंहासनावर बसलेल्या लोकीच्या हातांतील धागे सुटू शकत नाहीत, आणि त्याला तेथून उठताही येत नाही.